जनरल बॅप्टिस्ट : श्रद्धा राजाच्या हुकमाबाहेरची

हॉलंडमध्ये आश्रयास गेलेल्या जॉन स्मिथ या इंग्रज धर्मोपदेशकाने १६०९ मध्ये अ‍ॅमस्टरडॅम येथे स्वतःच स्वतःला बाप्तिस्मा दिला, मग अनुयायांना. तान्ह्या बाळाला श्रद्धा कशी कळणार, हा त्यांचा सरळ सवाल होता. ख्रिस्ताचे बलिदान निवडक भाग्यवंतांसाठी नसून सर्वांसाठी आहे, या मतामुळे पुढे त्यांना ‘जनरल बॅप्टिस्ट’ हे नाव पडले. (मराठीचे व्याकरण रचणारा विल्यम कॅरी निवडीचा सिद्धांत मानणाऱ्या दुसऱ्या, ‘पर्टिक्युलर’ शाखेचा.) स्मिथ मेनोनाइटांकडे झुकला, सहकारी थॉमस हेल्विस मात्र लंडनला परतला. प्रजेच्या श्रद्धेवर राजाची सत्ता चालत नाही, असे त्याने १६१२ च्या ग्रंथात पहिल्या जेम्सला सुनावले. ज्यू, मुसलमान आणि पाखंडी यांच्यासाठीही त्याने तेच स्वातंत्र्य मागितले, हे त्या काळात विलक्षणच. त्याची रवानगी न्यूगेटच्या तुरुंगात झाली. १६१६ पर्यंत त्याची पत्नी विधवा झाली होती.