शेजाऱ्याची भिंत तुमच्या हद्दीत आली? आधी काम थांबवा, मग मोजणी

सकाळी उठून पाहता, तर शेजाऱ्याने कुंपणाच्या भिंतीचा पाया खणलाय, तोही तुमच्या जागेत दोन फूट आत. बहुतेक जण सातबारा घेऊन पोलीस ठाण्यात धावतात. तिथे उत्तर मिळतं, ‘दिवाणी बाब आहे, कोर्टात जा.’ शिवाय सातबाऱ्यावर क्षेत्र असतं. हद्द जमिनीवर नेमकी कुठे, हे तो सांगत नाही.

महाराष्ट्रात ते ठरतं मोजणीने. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात ‘हद्द कायम’ मोजणीचा अर्ज करून फी भरायची. लगतधारकांना नोटीस जाते, मोजणी होते आणि नकाशाची ‘क’ प्रत मिळते. कोर्टात हा मोठा आधार. मात्र शेजाऱ्याला मोजणी मान्य नसेल, तर तो निमताना मोजणी मागू शकतो. म्हणजे वाद लांबणार.

तोवर भिंत उभी राहिली तर? म्हणून दिवाणी कोर्टात दावा लावून तात्पुरती मनाई लगेच मागा. उभी भिंत पाडून घेणं फार अवघड. स्वतः घण घेऊन गेलात, तर गुन्हा तुमच्यावरच दाखल होऊ शकतो!

आणि ‘बघू नंतर’ तर नकोच. शेजारी त्या पट्ट्यावर उघडपणे मालकी सांगून बसला असेल, तर १९६३च्या मुदत कायद्यानुसार ताब्याचा दावा करायला १२ वर्षंच मिळतात.