बर्फावरची राणी झाली डॉक्टर!

हॉकी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे ध्यानचंद येतात, मोकळं मैदान येतं. पण कॅनडात नुसतं 'हॉकी' म्हटलं, की ती बर्फावरचीच! पायांत पोलादी पात्यांचे बूट, हातात लांब काठी आणि चेंडूऐवजी रबराची चपटी चकती. पडणं-आपटणं तर नेहमीचंच. या खेळात तेवीस वर्षं कॅनडाकडून खेळलेल्या हेली विकेनहायझरची ही हकिगत.

हेलीचा जन्म १९७८ सालचा, सस्कॅचवान प्रांतातल्या शॉनाव्हन या लहानशा गावातला. तिथला हिवाळा म्हणजे सगळं गोठवून टाकणारा. वडिलांनी घरामागच्या अंगणात पाणी सोडलं, की झालं बर्फाचं मैदान तयार! त्यावरच ही पोर खेळायला शिकली. मुलींचे संघ नव्हते, म्हणून मुलांच्या संघात खेळली.

पंधराव्या वर्षी, १९९४ साली, ती राष्ट्रीय संघातून खेळली. बायकांच्या या खेळाला ऑलिंपिकचं दार उघडलं ते १९९८ साली, जपानमध्ये नागानोला. अंतिम सामन्यात अमेरिकेनं कॅनडाला हरवलं. हेलीला रौप्यपदकावर समाधान मानावं लागलं. पण पुढे २००२, २००६, २०१० आणि २०१४ अशी ओळीनं चार सुवर्णपदकं! मधेच २००० साली सिडनीला सॉफ्टबॉलही खेळून आली. २००३ मध्ये फिनलंडमधल्या पुरुषांच्या व्यावसायिक संघातून खेळताना तिनं गोल केला. असा मान मिळवणारी ती पहिली स्त्री. आणि घरी मुलाला वाढवणं चालूच होतं, बरं का!

पण मला खरा हेवा वाटला तो पुढचाच. लहानपणापासून तिला डॉक्टर व्हायचं होतं. खेळाच्या धबडग्यात ते मागे पडलं. तरी खेळता खेळता तिनं पदवी घेतली. २०१७ मध्ये निवृत्त झाल्यावर कॅल्गरी विद्यापीठात वैद्यकीय शिक्षण सुरू केलं आणि २०२१ साली, बेचाळिसाव्या वर्षी, डॉक्टर झाली! त्याच काळात टोरांटोच्या एका नामांकित पुरुष संघात तरुण खेळाडू घडवण्याचं कामही करत होती.

२०१८ च्या हिवाळ्यात ती आपल्या लडाखला आली, तिथल्या हॉकी खेळणाऱ्या मुलींबरोबर बर्फावर उतरली. त्याच वर्षी भारताच्या मुलींचा संघ तिच्या कॅल्गरीतल्या स्पर्धेला जाऊन आला.

मी बी.ए. झालेली, शाळेत अर्धवेळ शिकवते. एम.ए.चा फॉर्म आणून साड्यांच्या घडीखाली ठेवला होता. त्याची तारीखही उलटून गेली. 'आता या वयात?' असं मला ना सासूबाई म्हणाल्या, ना हे. मीच मला म्हणत होते.

यंदा नवा फॉर्म आणलाय. या वेळी तो स्वयंपाकघरात, डब्यांच्या फळीवर ठेवलाय. रोज नजरेला पडेल असा!