पुठ्ठ्याचे पंख, सुपाचे कान

बालाघाट जिल्ह्यातल्या परसवाडा-बैहरच्या पठारावर बैगांच्या लग्नात वरातीच्या स्वागताला हत्ती नाचतो. हा हत्ती घरातल्या सामानातून उभा राहतो. खाटांचा सांगाडा, त्यावर कांबळी आणि कानांच्या जागी सुपं. परघौनी म्हणतात या नाचाला. बाजूच्या दिंडोरी जिल्ह्यातल्या अर्जुनसिंह धुर्वे यांना २०२२ साली पद्मश्री मिळाली ती बैगा नृत्यासाठीच. सूप हत्तीच्या कानासारखं दिसतं हे ज्यानं पहिल्यांदा ओळखलं, त्याला वेशभूषेचं अर्धं शास्त्र कळलं होतं. उरलेलं अर्धं म्हणजे तो डोलारा माणसाच्या अंगावर पेलायचा कसा.

शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी पंख करताना नेमकं हेच दुसरं अर्धं विसरलं जातं. सगळा जीव पिसांत, चमकीत, रंगात. मग पहिल्याच गाण्यात परी मागे झुकते, दुसऱ्यात एक पंख कानाशी येतो आणि तिसऱ्याला बाई विंगेतून हातानं धरून उभ्या असतात.

कारण साधं आहे. पंखांचं वजन पाठीच्या मागे असतं, त्यामुळे ते मागे ओढतात. दप्तरासारखे नुसते दोन पट्टे लावले की ते खांद्यांवरून घसरणारच. म्हणून आधी पाठफळी करावी: दुहेरी पुठ्ठ्याचा तुकडा, फऱ्यांच्या मधून थेट कमरेपर्यंत उतरणारा. आखूड फळी उलटते. लांब फळीचं खालचं टोक कमरेला टेकतं आणि ओढ तिथं अडते. पट्टे छातीवर एकमेकांना नाडीनं बांधायचे, कमरेला आणखी एक बंद. परकराची जुनी नाडी यासाठी उत्तम. इलॅस्टिक ताणलं जातं आणि पंख प्रत्येक उडीला वेगळी उडी घेतात.

सांगाड्याला शहरात तारेचे हँगर वापरतात. बालाघाटच्या जंगलात बांबू मुबलक, तेव्हा इथं कामटीच बरी. ती तारेपेक्षा हलकी. ओली असतानाच वाकवून दोन्ही टोकं सुतळीनं बांधून ठेवली की वाळल्यावर बाक धरते. तार वापरलीच तर टोकं आत वळवून चिंधी गुंडाळायलाच हवी, कारण पंखाचं टोक शेजारच्या मुलाच्या डोळ्याच्या उंचीवर येतं. पुठ्ठ्यात आतल्या बाजूनं बारीक नळ्या असतात. त्या पंखाच्या मुळापासून टोकाकडे जायला हव्यात. आडव्या गेल्या तर पंख मधेच मोडतो, आणि आपण दोष देतो डिंकाला.

आता पक्षी कोणता? परीचे पंख मला कंटाळवाणे वाटतात. पठार उतरून वैनगंगा आणि बाघ नद्यांकडे गेलं की बालाघाट-गोंदियाच्या धानाच्या बांध्यांत सारस दिसतो. उडणाऱ्या पक्ष्यांत जगातला सर्वांत उंच. पुरा वाढला की सहा फुटांच्या जवळ जातो आणि पंख पसरले तर आठेक फूट भरतात. तिसरीतल्या पोराला तेवढे लावायचे नसतात. त्यानं हात पसरले की जेवढी रुंदी होते तेवढी पुरे, म्हणजे वर्गाच्या दारातूनही निघता येतं. शिवाय सारस राखाडी. वर्तमानपत्राचा कागदही लांबून राखाडीच दिसतो, रंगाचा खर्च वाचला.

पीस करायची रीत अशी: कागदाची लांब पट्टी मधोमध दुमडायची, घडीत खराट्याची काडी ठेवून खळीनं चिकटवायची, पानासारखी कापायची आणि कडांना काडीकडे जाणारे तिरपे छेद द्यायचे. वाळेपर्यंत वर वजन ठेवावं, नाहीतर पीस सुरकुततं. खळ म्हणजे थंड पाण्यात कालवलेला मैदा, मंद आचेवर पारदर्शक दिसेपर्यंत ढवळलेला. पुस्तकबांधणीवाले कीड लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद घालतात. ते विषारी, मुलांच्या कामात नको. फेव्हिकॉल १९५९पासून बाजारात आहे, पण शेकडो पिसांना तो महाग पडतो.

पिसं लावायची घर शाकारतात तशी. कवेलू खालच्या ओळीपासून चढत जातात. पंखातही लांब पिसं कडेला आधी, मग वरची आखूड ओळ त्यांची देठं झाकत. उलट केलं तर प्रत्येक देठ आणि प्रत्येक डाग प्रेक्षकांसमोर.

खरी मोरपिसं लावावीत का? बैगा नर्तकांच्या पगडीत मोरपिसांची कलगी असते आणि शोभते. मोर १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं संरक्षित आहे. आपोआप गळलेली पिसं घरात ठेवता येतात, पक्षी मारून काढलेली नाही. दुकानातलं पीस गळलेलं की उपटलेलं हे पालकांना सहसा ओळखता येत नाही, म्हणून कागदच बरा. जुन्या नायलॉन साडीचे पंख झुळझुळीत दिसतात खरे, पण दीपप्रज्वलनाच्या समईपासून ते लांब ठेवा. नायलॉन जळताना वितळतं आणि कातडीला चिकटतं.

कार्यक्रम संपला की पिसं काढून टाकली तरी चालतील. पाठफळी आणि कामट्या जपून ठेवाव्यात, पुढच्या वर्षी त्यांच्यावर घुबडही बसेल. आणि माप घ्यायचं ते मुलाला स्वेटर घालून. स्नेहसंमेलनं डिसेंबर-जानेवारीत असतात, आणि परसवाड्याच्या पठारावर तेव्हा कडाक्याची थंडी असते.