तारांचा ताण कोणी पेलायचा?

मैफिलीत वाजतो त्या मोठ्या पियानोत सव्वादोनशेच्या वर तारा असतात आणि सगळ्या मिळून त्या आपल्या चौकटीला सुमारे २० टनांच्या जोराने ओढत असतात. कोणी वाजवत असो वा नसो. बाहेरून आपल्याला चकचकीत काळं लाकूड दिसतं, पण हा भार सोसते ती आतली बिडाची अखंड चौकट. पियानो जन्मला तेव्हा त्यात बीड औषधालाही नव्हतं. १७०० ते साधारण १८८० या काळात हे वाद्य लाकडाकडून लोखंडाकडे गेलं. त्याची गोष्ट सांगताना मोत्सार्ट, बीथोवेन, लिस्ट यांची नावं पुढे येतात आणि ज्यांनी ती वाद्यं घडवली ते सुतार मागे राहतात. सुतारांच्या बाजूने पाहिलं की हा सगळा खटाटोप एका अडचणीभोवती फिरतो. आवाज वाढवायचा तर तार जाड हवी. जाड तार जास्त ताणावी लागते. आणि तो ताण कोणावर तरी टाकावा लागतो.

पहिला मान इटलीच्या बार्तोलोमेओ क्रिस्तोफोरीचा. जन्म १६५५, गाव पादुआ. १६८८ च्या सुमारास फ्लोरेन्सच्या मेदिची घराण्यातल्या राजपुत्र फेर्दिनांदोने त्याला आपल्या वाद्यसंग्रहाची देखभाल करायला नोकरीस ठेवलं. तेव्हा चलती हार्पसिकॉर्डची. त्यात पट्टी दाबली की पिसाच्या देठाचं टोक तार छेडतं. बोट हळू ठेवा किंवा जोरात आदळा, आवाज जवळपास तेवढाच. क्लॅव्हिकॉर्डवर बोटाप्रमाणे आवाज लहानमोठा होई, पण तो इतका नाजूक की शेजारच्या खोलीतही पोचायचा नाही. क्रिस्तोफोरीने तार छेडण्याऐवजी हातोडीने ठोकायची ठरवली. मेदिचींच्या वाद्यांच्या १७०० सालच्या यादीत त्याच्या या नव्या वाद्याची नोंद आहे, हळू आणि मोठा असे दोन्ही आवाज काढणारं म्हणून.

तारेवर हातोडी मारणं ही काही नवलाची गोष्ट नव्हती. आपलं संतूरही तसंच वाजतं. पण संतूरवादकाच्या हातात कलम असते, ती तो स्वतः उचलून घेतो. पट्टी आणि हातोडी यांची जोडणी केली की पट्टी दाबलेली असेपर्यंत हातोडी तारेलाच चिकटून बसणार आणि सूर जागीच मरणार. क्रिस्तोफोरीने अशी तरफ बसवली, जी हातोडीला तारेजवळ नेऊन ऐन वेळी तिची साथ सोडते. शेवटचं थोडं अंतर हातोडी स्वतःच्या वेगाने उडत जाते, ठोका देते आणि मागे पडते. परतताना ती पुन्हा उसळू नये म्हणून तिला झेलणारी सोयही त्याने केली. पुढची १५० वर्षं लोकांनी याच कल्पनेवर काम केलं. खुद्द त्याच्या हातोड्यांची डोकी होती कागदाच्या गुंडाळीची, वर चामड्याची पट्टी लावलेली.

मला जास्त नवल वाटतं ते मात्र त्याच्या दुसऱ्या एका सोयीचं. तारांचा ताण वाद्याच्या बाहेरच्या भिंतीवर यावा आणि ध्वनिफलक मोकळा राहावा, म्हणून त्याने फलकाला आधार देणारी भिंत वेगळी केली. म्हणजे ताण एकाने सोसायचा आणि आवाज दुसऱ्याने द्यायचा, ही वाटणी पहिल्याच कारागिराला सुचलेली होती. त्याची तीन वाद्यं आज शिल्लक आहेत. १७२० चं न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात, १७२२ चं रोममध्ये, १७२६ चं लाइपझिगमध्ये. चारसाडेचार सप्तकांची ही वाद्यं. त्यांचा आवाज मंद आणि बोथट आहे, अशी कुरबूर तेव्हाच सुरू झाली होती.

इटलीत या शोधाची फारशी चाड कोणाला नव्हती. १७११ मध्ये शिपिओने माफेई नावाच्या विद्वानाने आकृतीसह एक लेख छापला, १७२५ मध्ये त्याचं जर्मन भाषांतर झालं आणि फ्रायबर्गचा ऑर्गन बांधणारा गोटफ्रीड सिल्बरमान कामाला लागला. त्याच्या सुरुवातीच्या पियानोवर योहान सेबास्टियन बाख यांनी वरचे सूर क्षीण आणि पट्ट्या जड, असा शेरा मारला. सिल्बरमान रुसला, पण कामाला लागला. त्याने सुधारलेली वाद्यं प्रशियाच्या फ्रेडरिक राजाने घेतली. १७४७ मध्ये पॉट्सडॅमच्या दरबारात ती बाखनी वाजवली आणि या वेळी त्यांची पसंती मिळाली.

यानंतर वाटा फुटतात: एक लंडनची, एक दक्षिण जर्मनी-व्हिएन्नाची.

व्हिएन्नाच्या वाटेवर आधी आउग्सबुर्ग लागतं. तिथल्या योहान आंद्रेआस श्टाइनकडे ऑक्टोबर १७७७ मध्ये एकवीस वर्षांचा मोत्सार्ट गेला आणि त्याने वडिलांना लांबलचक पत्र लिहिलं. श्टाइनची हातोडी ठोका देताच सुटते, सूर चिकटत नाही, याचं त्याला कौतुक. त्याहून गमतीचा भाग ध्वनिफलकाचा. श्टाइन तयार फलक उन्हापावसात, बर्फात ठेवी, मुद्दाम तडकू देई, मग भेगांत लाकडाच्या फाचरी बसवून सरस भरी. जे फुटायचं ते आधीच फुटून घ्यावं, असा त्याचा हिशेब. त्याच सुमारास लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात मोत्सार्टने श्टाइनच्या आठ वर्षांच्या मुलीची टरही उडवली आहे. ती कशी बसते, वाजवताना तोंडं कशी करते, सगळं.

ती मुलगी म्हणजे नानेट. पियानोच्या इतिहासात हिच्याइतकं दुर्लक्ष दुसऱ्या कोणाच्या वाट्याला आलं नसेल. वडिलांच्या कारखान्यात ती लहानपणापासून काम शिकली. १७९२ मध्ये ते वारले. तिने आंद्रेआस श्ट्राइखरशी लग्न केलं (कवी शिलर श्टुटगार्टहून पळाला तेव्हा त्याच्याबरोबर पळालेला मित्र तो हाच), १७९४ मध्ये सगळा कारखाना व्हिएन्नाला हलवला आणि काही वर्षांनी भावाशी भागीदारी मोडल्यावर वाद्यांवर स्वतःचं नाव घातलं: नानेट श्ट्राइखर, माहेरची श्टाइन. वाद्य घडवणं तिच्याकडे, पत्रव्यवहार आणि विक्री नवऱ्याकडे. घराशेजारी त्यांनी मैफिलींचा दिवाणखाना बांधला. तिथे थोर संगीतकारांचे अर्धपुतळे होते. बीथोवेनचा पुतळा घडवण्यासाठी १८१२ मध्ये त्याच्या चेहऱ्याचा साचा घेतला गेला, तो याच निमित्ताने. पुढे १८१७-१८ मध्ये बीथोवेनची घरची घडी विस्कटली तेव्हा त्याने मोलकरणी, धुणं, चमचे असल्या कटकटींबद्दल नानेटला साठेक चिठ्ठ्या लिहिल्या. चरित्रकारांनी त्या चिठ्ठ्या जपल्या आणि नानेटला बीथोवेनची घरकामातली मदतनीस करून टाकलं. युरोपातल्या अव्वल कारखान्यांपैकी एक ती चालवत होती, हे तळटिपेत गेलं.

तिची वाद्यं हलकी होती. व्हिएन्नाच्या पद्धतीत हातोडी पट्टीवरच बसवलेली असे. बोट जरा टेकवलं तरी ठोका पडे आणि सूर स्पष्ट, बोलल्यासारखा उमटे. चौकट लाकडाची, तारा बारीक. बीथोवेन अधिक आवाज मागत राहिला आणि श्ट्राइखर दांपत्य शक्य तितकं देत गेलं, पण लाकडालाही मर्यादा होती.

लंडनने दुसरं टोक गाठलं. तिथे योहानेस त्सुम्पे या जर्मन कारागिराने १७६० च्या दशकात मध्यमवर्गाला परवडतील असे छोटे, टेबलासारखे पियानो विकायला सुरुवात केली होती. पण खरी इंग्लिश पद्धत रुजवली जॉन ब्रॉडवुडने. हा स्कॉटलंडचा सुतार १७६१ मध्ये लंडनला येऊन बुर्काट शुडीच्या हार्पसिकॉर्डच्या दुकानात लागला आणि मालकाच्या मुलीशी लग्न करून धंद्याचा वारस झाला. जाड तारा, जड हातोड्या, भक्कम पेटी. १७८८ मध्ये त्याने खर्जाच्या तारांची घोडी वेगळी केली, त्यासाठी शास्त्रज्ञांचा सल्ला घेतला. १८१७ मध्ये ब्रॉडवुडांनी बीथोवेनला सहा सप्तकांचा पियानो भेट पाठवला, जहाजाने त्रिएस्तेपर्यंत आणि तिथून डोंगर ओलांडून व्हिएन्नाला. तो पोचला तेव्हा बीथोवेनला जवळजवळ ऐकू येत नव्हतं. नंतर हा पियानो लिस्टकडे गेला, आज बुडापेस्टच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. १८४० च्या दशकात ब्रॉडवुडांचा कारखाना वर्षाला सुमारे अडीच हजार पियानो बनवत होता आणि त्याचे पियानो साम्राज्यभर जात होते.

हिंदुस्थानात आल्यावर या वाद्यांचे हाल होत. पावसाळ्यात फलक फुगून सूर चढे, हिवाळ्यात उतरे, पट्ट्या अडकत, नमद्याला कसर लागे, सरस सुटे. म्हणून उष्ण देशांसाठी स्क्रूंनी आवळलेले सांधे आणि भरीव लाकूड असलेली वेगळी वाद्यं बनू लागली. १८६५ मध्ये मुंबईत सुरू झालेलं 'फुर्ताडोज' आजही धोबी तलावाजवळ पियानो विकतं. इंग्रज, पारशी आणि गोवेकर ख्रिस्ती कुटुंबांपलीकडे पियानो इथे फारसा गेला नाही. त्याचा दोष हवामानाइतकाच सुराला द्यायला हवा. ठोका पडताच विरू लागणारा, मींड न घेणारा सूर आपल्या गळ्याला काय साथ देणार?

तिकडे पॅरिसमध्ये सेबास्तियँ एरारने यंत्रणेचा मोठा गुंता सोडवला. इंग्लिश हातोडी जड, त्यामुळे पट्टी पूर्ण वर आल्याशिवाय तोच सूर पुन्हा वाजत नसे. १८२१ मध्ये पेटंट झालेल्या एरारच्या रचनेत हातोडी अर्ध्या वाटेवर अडकून तयार राहते, त्यामुळे एकच सूर धडाधड वाजवता येतो. आजच्या प्रत्येक मोठ्या पियानोत हीच कल्पना आहे. १८२३ मध्ये पॅरिसला आलेला बारा वर्षांचा लिस्ट एरारांच्या पियानोचा चालताबोलता प्रचारक झाला. शोपँने मात्र प्लेयेलची मऊ वाद्यं पसंत केली. हातोडीवर चामड्याऐवजी नमदा लावायची युक्ती १८२६ मध्ये पॅरिसच्याच आन्री पापची.

एव्हाना लिस्टच्या पिढीचे वादक मैफिलीत तारा तोडू लागले होते. लाकडी चौकटीला लोखंडी सळ्यांचे टेकू देणं सर्वत्र सुरू झालं, पण सबंध चौकट ओतायला युरोपीय कारागीर कचरत होते. आवाज पत्र्यासारखा होईल ही भीती. ती भीती अमेरिकेला परवडणारी नव्हती. बोस्टनचा उन्हाळा दमट, हिवाळ्यात शेगडीने सुकलेल्या खोल्या. लाकूड एका वर्षात वाकडं होई. तिथल्या अल्फियस बॅबकॉकने १८२५ मध्ये टेबलपियानोसाठी एकसंध बिडाच्या चौकटीचं पेटंट घेतलं. जोनास चिकरिंगने ती चौकट मोठ्या पियानोत आणून १८४३ मध्ये पेटंट मिळवलं. त्याचा भागीदार मके जहाजाचा कप्तान होता. पियानो दक्षिण अमेरिकेला नेई आणि येताना उंची लाकूड भरून आणी. १८४१ मध्ये तो समुद्रातच नाहीसा झाला. १८५२ मध्ये कारखाना जळला, पुढच्या वर्षी जोनासही गेला.

त्याच १८५३ मध्ये बर्लिनला बेकश्टाइन, लाइपझिगला ब्ल्यूटनर आणि न्यूयॉर्कला स्टाइनवे असे तीन कारखाने निघाले, निव्वळ योगायोगाने. स्टाइनवेंचा मूळपुरुष हाइनरिश श्टाइनवेग हा जर्मनीतल्या झेझेन गावचा सुतार पंचावन्नच्या आसपास वय असताना मुलांबाळांसकट १८५० मध्ये अमेरिकेला आला आणि तीन वर्षं बापलेक दुसऱ्यांच्या दुकानांत राबले. १८५९ मध्ये मुलगा हेन्रीने मोठ्या पियानोत खर्जाच्या तारा बाकीच्या तारांवरून तिरप्या नेल्या. त्यामुळे त्या लांब झाल्या आणि त्यांची घोडी फलकाच्या मध्याकडे सरकली, जिथे फलक मोकळेपणी हलतो. १८६५ मध्ये दोन भाऊ वारल्यावर मागे राहिलेला थोरला थिओडोर जर्मनीहून आला. तो भौतिकशास्त्रज्ञ हेल्महोल्ट्झच्या संशोधनाचा अभ्यासक होता. मेपलचे थर एकत्र वाकवून पियानोची अखंड कड बनवण्याचं तंत्र त्याने १८८० मध्ये पेटंट केलं. त्याचा भाऊ विल्यम याने विक्री सांभाळली. रशियन वादक आन्तोन रुबिन्श्टाइनचा १८७२-७३ चा २१५ मैफिलींचा अमेरिका दौरा स्टाइनवेंनीच घडवून आणला. वाद्य चांगलं होतंच, पण ते जगभर मानक झालं ते या जाहिरातीच्या अकलेमुळेही.

१८८० च्या दशकात ८८ पट्ट्या, बिडाची चौकट, तिरप्या तारा, एरारची यंत्रणा हा साचा घट्ट झाला. १९०९ साली एकट्या अमेरिकेत साडेतीन लाखांहून अधिक पियानो बनले, मग ग्रामोफोन, रेडिओ आणि मंदीने त्यांतले बहुतेक कारखाने गिळले. जपानमध्ये हामामात्सुच्या तोराकुसु यामाहाने १८८७ मध्ये शाळेतला एक ऑर्गन दुरुस्त करता करता तसाच बनवायचं ठरवलं. १९०० मध्ये त्याच्या कंपनीचा पहिला उभा पियानो निघाला. साचा मात्र तोच, अमेरिकेत जाऊन पाहून आलेला.

या साच्यात गेलं काय, हे जुन्या वाद्यांची डागडुजी सुरू झाल्यावर कळू लागलं. श्ट्राइखरच्या पियानोत खर्ज, मध्य आणि तार या तिन्ही सप्तकांचे रंग वेगवेगळे. आधुनिक पियानोत ते घोटून एकसारखे केलेले. डॅनिएल बारेनबॉइम यांनी २०११ मध्ये इटलीतल्या सिएना इथे लिस्टचा दुरुस्त केलेला पियानो वाजवला आणि बेल्जियमच्या क्रिस माने या कारागिराला नवा पियानो बनवायला सांगितलं. २०१५ मध्ये तो लंडनला लोकांसमोर आला. बिडाची चौकट त्यातही आहे. तारा मात्र एकमेकींवरून जात नाहीत, सरळ समांतर आहेत, १८५९ च्या आधी असत तशा.