चित्रपट त्याचा, मालकी दुसऱ्याची

चित्रपट पाहून घरी परतताना आपण नायक-नायिकेविषयी बोलतो, फार तर दिग्दर्शकाचे नाव घेतो. निर्मात्याची आठवण कुणी काढत नाही. पैसे लावणारा शेठ, एवढीच त्याची ओळख. ही समजूत हॉलिवूडमध्ये ज्या माणसाने खोटी ठरवली, त्याचे नाव डेव्हिड ओ. सेल्झनिक. त्यातल्या ‘ओ’ला काही अर्थ नव्हता. नाव भारदस्त वाटावे म्हणून त्याने तो स्वतःच चिकटवला होता!

सेल्झनिकचा जन्म १९०२ सालचा, पिट्सबर्गचा. वडील लुईस हे मूकपटांच्या धंद्यातले बडे प्रस्थ; पण १९२३ मध्ये त्यांचे दिवाळे वाजले. पोराने मग पॅरामाऊंट, आरकेओ अशा कंपन्यांत नोकऱ्या केल्या. १९३० मध्ये एमजीएमचे सर्वेसर्वा लुई मेयर यांच्या मुलीशी त्याचे लग्न झाले, आणि १९३३ मध्ये तो सासऱ्यांच्याच कंपनीत निर्माता म्हणून आला. ‘सासऱ्याच्या जिवावर उडणारा जावई’ ही कुजबुज त्याने ‘डेव्हिड कॉपरफिल्ड’सारखे चित्रपट काढून थांबवली. पण चाकरी ती चाकरीच. १९३५ मध्ये त्याने जॉन व्हिटनी या धनिकाच्या पाठबळावर स्वतःची कंपनी काढली.

पुढच्याच वर्षी त्याने मार्गारेट मिचेलच्या ‘गॉन विथ द विंड’ या कादंबरीचे हक्क ५० हजार डॉलरना घेतले. नायकाच्या भूमिकेसाठी क्लार्क गेबल हवा होता, आणि तो एमजीएमकडे बांधलेला. सासऱ्यांनी गेबल दिला, वर साडेबारा लाख डॉलरही दिले. बदल्यात वितरण आणि निम्मा नफा घेतला. व्यवहारात नाते आणले नाही! डिसेंबर १९३८ मध्ये जुने सेट पेटवून अटलांटाच्या आगीचे चित्रीकरण झाले, तेव्हा नायिका अजून ठरायची होती. दिग्दर्शक बदलले, पटकथा पुनःपुन्हा लिहिली गेली. वेशभूषेपासून संवादांपर्यंत प्रत्येक बाबतीत सेल्झनिकच्या लांबलचक टिपणांचा मारा चालू असे. खर्च ४० लाख डॉलरच्या घरात गेला. १५ डिसेंबर १९३९ रोजी चित्रपट झळकला आणि सर्वोत्कृष्ट चित्रपटासह आठ ऑस्कर घेऊन गेला. त्यातले एक हॅटी मॅकडॅनियलचे. ऑस्कर मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय कलावंत. पण वर्णभेदामुळे अटलांटाच्या त्या पहिल्या खेळाला तिला जाता आले नव्हते. गुलामगिरीचे या चित्रपटातले गोडगुलाबी चित्रण आज खटकते, ते उगाच नव्हे. पुढच्या वर्षी ‘रिबेका’लाही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळाला.

आणि इथेच, बँकेत कर्जाचे अर्ज वाचण्यात उमेदीची वर्षे घालवलेल्या माझ्यासारख्याला चुटपुट लागते. नफा इतका झाला, की प्राप्तिकर डोळ्यांसमोर उभा राहिला. कराचा बोजा हलका व्हावा म्हणून भागीदारांनी चाळीसच्या दशकाच्या आरंभी कंपनीच गुंडाळली. सेल्झनिकने या चित्रपटातला आपला हिस्सा व्हिटनीला विकून टाकला. काही वर्षांतच सगळी मालकी एमजीएमकडे गेली. पुढे १९४७, १९५४, १९६१ असा तो पुनःपुन्हा प्रदर्शित होत राहिला, गर्दी खेचत राहिला. हापूसचे झाड पहिल्याच बहराला विकावे आणि मग दर वैशाखात शेजाऱ्याच्या दारातल्या पेट्या मोजाव्यात, तशातली ही गत.

त्याला घाई झाली होती असे म्हणवत नाही. आपण असे झाड पुन्हा लावू, ही त्याची खात्री होती. ‘ड्यूएल इन द सन’वर (१९४६) त्याने पाण्यासारखा पैसा ओतला. लोक आले, पण ते यश काही परतले नाही. डोक्यावर कर्ज चढत गेले. १९५७ चा ‘अ फेअरवेल टू आर्म्स’ त्याचा अखेरचा चित्रपट ठरला. १९६५ मध्ये त्याचे निधन झाले.

सेल्झनिकने चित्रपटाचा हिशेब धाग्यादोऱ्यापर्यंत ठेवला. कालांतराने वाढत जाणाऱ्या किमतीचा हिशेब मात्र राहून गेला. घरे, जमिनी विकताना आपल्यापैकी कितीजण तो ठेवतात? तरी एक गोष्ट कुठल्याच खरेदीखतात लिहून देता आली नाही. ‘गॉन विथ द विंड’ आजही सुरू होतो, तो आठ दशकांपूर्वी बंद झालेल्या त्याच्या कंपनीच्याच नावाने.