सह्याद्रीची वाङ्मयीन प्रतिमा आणि बंगळूरचा दरबार : जयराम पिंड्ये याच्या दोन रचना

बंगळूरच्या पश्चिम भागातील राजाजीनगर ही स्वातंत्र्योत्तर काळात, औद्योगिक वसाहतीच्या सोबतीने वाढलेली वस्ती होय. तिच्या शेजारी मल्लेश्वरम आहे. तेथील काडु मल्लेश्वराच्या देवस्थानाशी निगडित असलेल्या इ. स. १६६९ च्या शिलालेखात एकोजी भोसले यांनी देवाला गाव दान दिल्याची नोंद आढळते. पुढच्याच वर्षी, १६७० मध्ये, एकोजींच्या सावत्र बंधूंच्या माणसांनी सिंहगडाचा कडा चढून किल्ला घेतला. पठारावरचे दान आणि डोंगरातली चढाई या घटना एकाच घराण्याच्या असल्या, तरी वाङ्मयेतिहासात त्यांची दालने वेगळी पडली आहेत. पहिली कर्नाटकाच्या इतिहासात जाते, दुसरी मराठी पोवाड्यात. या दोन्ही दालनांत वावरलेला कवी म्हणून जयराम पिंड्ये याचे महत्त्व आहे.

सह्याद्री हा बेसाल्टच्या थरांवर थर साचून बनलेला प्रदेश आहे. पश्चिमेकडे तुटलेले कडे, माथ्यावर सपाटी आणि मधे अरुंद पदर ही त्याची ठेवण. माची, बालेकिल्ला, टाके, मेट, घेरा हे शब्द या ठेवणीतूनच रूढ झाले. इ. स. १७१५ च्या सुमारास रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात दुर्गांविषयी जे प्रकरण लिहिले, त्यात गडाशेजारी दुसरा उंच डोंगर नसावा, पाण्याची सोय आधी पाहावी असे बारकावे आहेत. राज्यशास्त्राचा हा ग्रंथ डोंगर कसा वाचावा हेच शिकवतो. त्याच्या आधीच्या पिढीत मात्र या डोंगराला काव्यविषय करणारी एक रचना संस्कृतात झाली होती, आणि तिचा कर्ता बंगळूरच्या दरबारातून आलेला होता.

आदिलशाहीचा सेनापती रणदुल्लाखान याने केंपेगौडाकडून जिंकलेले बंगळूर इ. स. १६३८ नंतर शहाजीराजांकडे आले. या दरबाराचे सर्वांत सविस्तर वाङ्मयीन चित्र जयरामाच्या ‘राधामाधवविलासचंपू’त मिळते. वि. का. राजवाडे यांनी १९२२ मध्ये तो दीर्घ प्रस्तावनेसह प्रसिद्ध केला. ग्रंथाच्या पूर्वभागात राधाकृष्णांची शृंगारकथा येते, उत्तरभागात शहाजीराजांचे वर्णन, आणि अखेरीस देशी भाषांतील रचनांचे प्रकरण. राजांपुढे बारा नारळ ठेवून आपण बारा भाषांत कविता करतो असे कवीने सुचवल्याचा प्रसंग प्रसिद्ध आहे. त्या भाषांत संस्कृत, प्राकृत म्हणजे तत्कालीन मराठी, ग्वाल्हेरी, गुर्जर, पंजाबी, यावनी आणि कर्नाटकी यांचा समावेश होतो. दक्षिणेत शहाजी आणि उत्तरेत शहाजहान अशी भूमीची वाटणी ईश्वराने केली, अशा आशयाची हिंदुस्थानी कविता याच दरबारातली. येथे कवीची नजर आडवी पसरलेली आहे. तो दिशा मोजतो, भाषा मोजतो. उंची त्याच्या विचारात नाही.

‘पर्णालपर्वतग्रहणाख्यान’ या त्याच्या दुसऱ्या काव्यात दृष्टी पार बदलते. हे काव्य स. म. दिवेकर यांनी १९२३ मध्ये संपादित केले. त्याचा विषय पन्हाळा. शिवाजी महाराजांनी हा गड १६५९ मध्ये घेतला, १६६० मध्ये सिद्दी जौहरच्या वेढ्यानंतर तो सोडावा लागला, १६६६ चा प्रयत्न फसला, आणि ६ मार्च १६७३ च्या रात्री कोंडाजी फर्जंदाने साठ निवडक माणसांनिशी तो पुन्हा हस्तगत केला. अण्णाजी दत्तो आणि कोंडाजी यांच्या मसलतीपासून गडावरील झुंजीपर्यंतचा भाग जयराम रंगवतो. नावातच एक गोष्ट लक्षात येते. शीर्षकात ‘दुर्ग’ नाही, ‘पर्वत’ आहे. जे घेतले ते बांधकाम नव्हे, प्रत्यक्ष डोंगर. आधीच्या काव्यात कृष्णकथा सांगणाऱ्या कवीने ‘पर्वतग्रहण’ हा शब्द योजताना गोवर्धनाची आठवण ठेवली असेल, हे अनुमान करता येते. त्याहून अधिक दावा करू नये.

या काव्याचा उपयोग आजवर मुख्यतः इतिहासाचे साधन म्हणून झाला. तिथी आणि माणसांची संख्या पाहायची, अलंकार बाजूला सारायचे, ही संशोधकांची रीत. तिने कालनिश्चितीला मोठी मदत झाली, हे निर्विवाद. परंतु कवीच्या दृष्टीचा प्रश्न तिने मागे पडला. तो सिंहगडावरील तुळशीदास शाहिराच्या पोवाड्याशेजारी ठेवला म्हणजे उलगडतो. पोवाड्यात कड्याला चिकटते ती घोरपड. डोंगर तेथे प्राण्याच्या नखांतून जाणवतो, ऐकणाऱ्याला त्याची ओळख करून द्यावी लागत नाही. जयरामाचा श्रोता पंडित आहे. त्याने मावळ पाहिलेला असेलच असे नाही. म्हणून डोंगर आधी संस्कृत नावाने परिचित करावा लागतो : पन्हाळ्याचा ‘पर्णाल’ होतो. परमानंदाच्या ‘शिवभारता’तही हीच गरज दिसते, कारण तेथे कथा काशीच्या पंडितांना सांगितली जाते. सह्याद्रीबाहेरच्या श्रोत्यासाठी सह्याद्री सांगणे, हा या संस्कृत काव्यांचा खरा व्यवहार. त्यासाठी लागणारी भाषांतराची सवय जयरामाला अनेक भाषांच्या बंगळुरी दरबारात लागली होती, असे मानण्यास जागा आहे.

हीच पर्वतरांग दक्षिणेकडे मलेनाड होते, आणि तेथे तिची वाङ्मयीन प्रकृती निराळी आहे. कुवेंपु यांच्या १९६७ मधील ‘मलेगळल्ली मदुमगळु’ या कन्नड कादंबरीत डोंगर म्हणजे पाऊस, दाट रान आणि त्यात विखुरलेली घरे. मराठीत कडा पुढे येतो, कन्नडात रान. भूगोलाचा भाग यात आहेच. पण मराठीत गडाने डोंगर झाकून टाकला, हेही मान्य करावे लागते. धनगर, महादेव कोळी यांच्या मौखिक परंपरेतला सह्याद्री या दुर्गप्रतिमेच्या बाहेरच राहिला.

जयरामाच्या दोन रचनांतील धागे पुढे एकत्र आले नाहीत. शहाजीराजे १६६४ मध्ये होदिगेरे येथे निधन पावले. एकोजी तंजावरला गेले. १६८७ मध्ये मोगलांनी बंगळूर घेतले आणि ते म्हैसूरच्या चिक्कदेवराज वोडेयरांकडे गेले. डोंगराचा विषय घाटावरच्या बखरी आणि पोवाड्यांकडे राहिला; अनेक भाषांचा दरबार तंजावरात पुन्हा उभा राहिला, जेथे एकोजींचे पुत्र शहाजी यांनी ‘पंचभाषाविलास’ हे पाच भाषांतील नाटक रचले.