बुडालेली मोटार आणि वगळणुकीचे कलम

कोणत्या नुकसानीची भरपाई मिळणार नाही, हे पॉलिसीतील वगळणुकीचे कलम ठरवते. सप्टेंबर २०२२च्या पावसात बंगळुरूच्या बेळ्ळंदूर, सर्जापूर रस्ता भागांत मोटारी पाण्यात बुडाल्या. फक्त थर्ड पार्टी विमा असल्यास स्वतःच्या गाडीची भरपाई मुळातच नसते; सर्वसमावेशक विम्यात पुराने झालेले नुकसान धरले जाते. खरी गोम इंजिनात आहे. पाण्यातल्या गाडीला स्टार्टर मारला, की पाणी सिलिंडरमध्ये शिरून इंजिन जाम होते. हे पुराचे थेट नव्हे, तर ‘परिणामी नुकसान’ ठरवून कंपन्या वगळणुकीच्या कलमाखाली बहुधा दावा नाकारतात. इंजिन संरक्षणाचे जादा कवच घेतले असेल तर गोष्ट वेगळी. मात्र कलम लागू होते हे सिद्ध करण्याची जबाबदारी कंपनीवरच असते, आणि संदिग्ध शब्दांचा अर्थ साधारणपणे ग्राहकाच्या बाजूने लावला जातो. नकाराविरुद्ध आधी कंपनीकडे लेखी तक्रार, मग विमा लोकपाल किंवा ग्राहक आयोग.